कोऱ्या गंजिफेचा कौल

आमच्या घरात दहाही अवतार वर्षभर जन्माला येत, पण त्यांच्याशी खेळायची मुभा आम्हां कुणाला नव्हती. बाबा गंजिफा करायचे. हल्लीच्या पोरांना गंजिफा म्हणजे काय हेसुद्धा समजावून सांगावं लागतं, म्हणून सांगते. हे जुने पत्ते. चौकोनी नव्हेत, गोल, रुपयापेक्षा बरेच मोठे, लाखेनं चकचकीत केलेले. त्यात इस्पिक-बदाम नसतं. मत्स्यापासून कल्कीपर्यंत दहा अवतार हेच त्यातले दहा रंग. प्रत्येक अवताराचा एक राजा, एक प्रधान आणि खाली एक्क्यापासून दहापर्यंतची पानं. धारच्या आणि देवासच्या सरदार घराण्यांत लग्नात मुलीबरोबर गंजिफेचा डबा द्यायची रीत होती आणि तो डबा पुष्कळदा आमच्या बाबांच्या हातचा असे. आम्ही जातीनं जिनगर, खोगीर-लगामवाले. पवारांच्या घोड्यांमागून आमचे पूर्वज दक्षिणेतून इकडे धारला आले. घोडे कमी झाले तसे बाबा कातड्यावरून रंगांवर आले, एवढंच.

घरातल्या प्रत्येक माणसाची वाटणी ठरलेली होती. आई चिंचोके भाजायची, कुटायची आणि त्यांची खळ शिजवायची. जुन्या धोतरांचे थरावर थर त्या खळीनं चिकटवून मोठे ताव होत. ते अंगणात वाळत पडले की शेळ्यांना हाकलायचं काम माझं. भाजलेले चिंचोके गालात धरून मी दिवसभर तिथं बसायची आणि शेळ्यांपेक्षा जास्त मीच खाते म्हणून आईचं बोलणं खायची. मग तावांवर पांढऱ्या मातीचा हात द्यायचा आणि गारगोटीनं घोटायचं. ते घोटणं आईचंच. त्याचा आवाज अजून माझ्या कानात आहे. घासणं आणि शीळ यांच्या मधला काहीतरी, सारखा, न थांबणारा. सकाळी जाग यायची ती त्या आवाजानं. तो थांबला म्हणजे आई भाकरीला बसली असं समजायचं. भाकऱ्या ज्या शेगडीवर व्हायच्या त्याच शेगडीवर बाबा दुपारी लाख तापवायचे, त्यामुळे आमच्या मक्याच्या भाकरीला कायम लाखेचा वास. पाहुणे नाक मुरडत. आम्हांला दुसऱ्याच्या घरची भाकरी बेचव लागायची.

आणि डोळे काढायचे ते अक्कानं. अक्का म्हणजे माझी थोरली बहीण, चंपा. राजाचं चित्र बाबा काढत, घोडा, छत्र, मुकुट सगळं, पण डोळ्यांची जागा कोरी ठेवून पान तिच्यापुढं सरकवत. बाबांचा हात तोवर कापायला लागला होता, हे त्यांनी कुणाला सांगितलं नव्हतं आणि आम्हां सगळ्यांना ठाऊक होतं. अक्काचं डोकं पानावर वाकलं की घरात कुणी बोलायचं नाही. "श्वास धरावा लागतो ग, गंगू," ती मला म्हणायची, "नाहीतर देव तिरळा होतो." ती अशी गंभीरपणानं थट्टा करायची. तिच्या हातचा एकही देव तिरळा झाला नाही.

धंद्याचे काही नेम होते आणि बाबा ते सोवळ्यासारखे पाळत. बिघडलेलं पान जाळायचं नाही, कारण त्यावर देव आहे. ते तलावात सोडायचं. नव्यानं लाख दिलेल्या पानाला दुसऱ्या दिवसापर्यंत बोट लावायचं नाही. उन्हाळ्यात लाख लवकर धरत नाही, पान वरून कोरडं दिसतं आणि बोटाला चिकटतं. हे मला चालायला लागले तेव्हापासून माहीत होतं, पाठीवर धपाटे खाऊन. आणि सगळ्यांत मोठा नेम असा की पुरा झालेला संच कोरा राहिला पाहिजे. त्यात पहिला हात घालायचा तो ज्याची गंजिफा त्यानं. करणाऱ्यानं त्यात दैव बघायचं नाही. मी एकदा विचारलं, बघितलं तर काय होतं? बाबांनी रंगाच्या वाटीवरून मान वर केली नाही. "आपण घडवलेल्या देवाला आपणच प्रश्न विचारायचा," ते म्हणाले, "तर उत्तर कोण देणार?"

इतकं शहाणं बोलणारा माणूस पुढं काय करून बसला तेच मला लिहायचं आहे.

अक्काचं लग्न तिच्या वयाच्या मानानं लांबलं होतं. एक जमलेलं मोडलं, मग आजोबा गेले म्हणून वर्ष गेलं. पंधरा उलटलेली मुलगी घरात म्हणजे त्या काळी शेजारपाजारच्या बायका हळदीकुंकवाला बोलावताना आधी तोंडभर हसत आणि मग उसासा टाकत. शेवटी देवासच्या सखारामचं ठरलं. मुलगा आमच्याच जातीचा, खोगिरं शिवणारा, एक डोळा किंचित बारीक, पण स्वभाव गरीब. साखरपुड्याला आला तेव्हा लगामाच्या उरलेल्या कातड्याचा एक बटवा मला देऊन गेला. मुहूर्त वैशाखातला काढला. तो चुकला तर पुढं सिंहस्थ लागत होता आणि सिंहस्थात लग्नं होत नाहीत. म्हणजे पुन्हा वर्षभर थांबणं. बाबांनी घाई केली ती एवढ्यासाठी, आणि ही घाई मी समजू शकते. त्याच वैशाखात देवासच्या एका सरदारांच्या घरचं लग्न होतं. त्यांच्याकडून गंजिफेचं सांगणं आलेलं. लेक आणि डबा एकाच गाडीतून पोचवू, असं बाबा खुशीत म्हणत.

होळी झाली आणि देवासला उंदीर पडायला लागल्याची बातमी आली. ज्यांनी ते दिवस पाहिले नाहीत त्यांना या शब्दांचा अर्थ कळायचा नाही. आढ्यावरून उंदीर खाली पडायचा, गरगर फिरायचा, मरायचा. की त्या घरानं समजायचं, प्लेग आला. मग काखेत नाहीतर जांघेत गाठ, ताप, आणि चार दिवसांत सगळा कारभार आटपायचा. लोक घरं सोडून रानात झोपड्या बांधून राहायचे. बातमी आली त्या दिवशी आईनं घोटण्याची गारगोटी खाली ठेवली आणि म्हणाली, "लग्न पुढं ढकला."

बाबा काही बोलले नाहीत. ते असे गप्प बसत तेव्हा त्यांचं ठरलेलं असे.

वैशाखाच्या सुरुवातीला सखारामचे मामा, रघुनाथमामा, देवासहून आले. गोरेगोमटे, तोंडात सदा पान, बोलणं साखरेत घोळलेलं. येताना इंदूरहून निळा रंग घेऊन आले होते. बाबांचा निळा संपला होता, त्यामुळे सगळ्या गंजिफेतला एकटा कृष्णाचा राजा तेवढा राहिला होता. आईनं त्यांच्यापुढं गूळ-पाणी ठेवलं आणि उभ्याउभ्याच विचारलं, "उंदरांचं काय म्हणता?"

"अरे वैनी, फिकरच नको!" मामा म्हणाले. "उंदीर पडले ते थोरल्या पातीत. आपण धाकट्या पातीतले. आपल्याकडं एकदम साफ."

देवासात तेव्हा एका गावात दोन संस्थानं होती, थोरली पाती आणि धाकटी पाती. रस्त्याची एक बाजू एका राजाची, दुसरी दुसऱ्याची. सख्खे शेजारी वेगवेगळ्या राज्यांत राहायचे.

"मधी काय आहे?" आईनं विचारलं.

"सडक आहे ना मधी. चांगली रुंद."

"उंदरांना ठाऊक आहे का, कुठली पाती कुणाची ते?"

मामा मोठ्यानं हसले. बाबा हसले नाहीत. मी आईच्या पदराआड उभी होते. मला आठवतं, मला ते बोलणं फार गमतीचं वाटलं आणि मी अक्काकडं पाहिलं, तर तीही ओठ दाबून हसत होती.

मामांना दुसऱ्या दिवशी सकाळी निघायचं होतं. होय की नाही, काहीतरी एक सांगा म्हणाले. तिकडं मांडवाची तयारी करायची की नाही ते कळायला हवं. दुपारी जेवणं झाली आणि अक्का कृष्णाचा राजा घेऊन बसली. बाहेर वारा पडलेला. उकाड्यानं जीव कासावीस. एकाएकी पश्चिमेकडून आभाळ तांबडं झालं आणि आंधी आली. आमच्या माळव्यातली आंधी. धुळीची भिंतच चालून येते. आईनं धावत जाऊन ताव गोळा केले, मी खिडक्या लोटल्या. घरात मिट्ट काळोख झाला. अक्का ओरडली, "आई, एकच डोळा झालाय ग! रंग वाळतोय."

आईनं दिवा लावला. दुसरं काय करणार? लेकीच्या हातातलं काम बिघडू नये म्हणून तिनं समई अक्काच्या शेजारी आणून ठेवली आणि हातानं ज्योतीला आडोसा धरून बसली. त्या उजेडात अक्कानं दुसरा डोळा काढला, श्वास सोडला आणि म्हणाली, "झाला. हा सगळ्यांत देखणा झाला." खरंच झाला होता. बाबांनी पान घेतलं, शेगडीवर धरून पुढून-मागून लाखेचा हात दिला आणि समईपाशी ठेवलं.

मग ते तसेच बसून राहिले. बाहेर वारा दारं हलवत होता. मामा पान चघळत म्हणाले, "भैया, मनात किंतु असेल तर कौल लावून बघा ना. गंजिफा तर घरचीच आहे."

मोठ्या घरांतून गंजिफेचा कौल लावत, ते आम्ही ऐकून होतो. खेळाचा नियम असा, की दिवसा रामाच्या राजाचा अंमल आणि दिवे लागले की कृष्णाच्या राजाचा. डाव त्यानंच उघडायचा. कौलालाही तेच. सगळी पानं चादरीवर पालथी घालून दोन्ही हातांनी कालवायची आणि मनात प्रश्न धरून एकेक उचलत जायचं. राम आणि कृष्ण यांतला ज्याचा अंमल चालू असेल त्याचा राजा आधी आला तर देव हो म्हणाला. दुसऱ्याचा आधी आला तर नाही म्हणाला. इतकं सोपं.

"कोऱ्या संचाला हात लावणार?" आई म्हणाली. "तुम्ही?"

बाबांनी चादर पसरली. अजून वाटतं, त्या क्षणी ते आईच्या डोळ्याला डोळा देते तर उठले असते. त्यांनी तिच्याकडं पाहिलंच नाही. सगळी पानं पालथी घातली, तांबड्या पाठी वर. कौल पुऱ्या गंजिफेचाच लावायचा असतो म्हणून समईपाशी ठेवलेला कृष्णाचा राजाही उचलून त्यात टाकला. दोन्ही तळवे फिरवून पानं कालवली. पानांचा सळसळ आवाज आणि बाहेरची आंधी, याशिवाय काही ऐकू येत नव्हतं. आम्हांला वाटलं, आता पंधरा-वीस पानं निघतील, श्वास रोखून बसावं लागेल. बाबांनी हात खाली नेला आणि पहिलंच पान उलटं केलं.

कृष्णाचा राजा. अक्काचे नुकतेच काढलेले ते डोळे समईच्या उजेडात आमच्याकडं बघत होते.

मामांचं पान चघळणं थांबलं. एवढ्या पानांतून पहिलंच! अक्काचे हात आपोआप जोडले गेले.

"नाही म्हणाला," आई म्हणाली. तिचा आवाज सुटका झाल्यासारखा होता. "दिवसा कृष्ण आला. नाही म्हणाला देव."

"दिवा लागलेला आहे," बाबा म्हणाले.

"तो मी लावलाय! आंधीमुळं लावलाय, तिला दिसेना म्हणून. अहो, अजून दिवस आहे."

"दिवा लागला म्हंजे लागला, वैनी," मामा म्हणाले. "नियम दिव्याचा आहे, सूर्याचा नाही."

"अजून दिवस आहे हो," आई पुन्हा म्हणाली, बाबांना, फक्त बाबांना. बाबांनी ते पान दोन्ही हातांत धरलं होतं आणि त्यांचा चेहरा असा उजळला होता की त्यांना काही ऐकू येत असेल असं मला वाटत नाही. वर्षानुवर्षं देव घडवणाऱ्या माणसाला पहिल्यांदा देवानं उत्तर दिलं होतं.

थोड्या वेळानं आंधी निघून गेली. मी खिडकी उघडली तर चांगलं पिवळं ऊन आत आलं, चादरीवर पडलं, पानांवर पडलं. आई उठली, समईवर पदराचा वारा घातला आणि ज्योत विझवली. मामा दुसऱ्या दिवशी होकार घेऊन गेले.

त्या रात्री निजताना अक्का मला म्हणाली, "माझ्याच कृष्णानं सांगितलं ग. वाईट कसं होईल?"

आम्ही छकड्यातून निघालो. बाबा, आई, अक्का आणि मी. आईनं वाटेसाठी बाफले, म्हणजे कणकेचे उकडून भाजलेले गोळे, करून घेतले होते आणि एकाही मुक्कामाला तिनं स्वतः त्यातला घास खाल्ला नाही. गंजिफेचा डबा बाबांच्या मांडीवर. अक्का वाटभर आनंदात होती. पळसाची झाडं दिसली की दाखवायची. इंदूरच्या अलीकडं नाक्यावर आमच्या काखा तपासल्या. एका अनोळखी बाईनं अक्काचा हात वर धरून पाहिलं तेव्हा अक्का लाजेनं लाल झाली, आणि आई दुसरीकडं तोंड करून रडली. मला वाटलं तीही लाजेनंच रडते आहे.

देवासला पोचलो आणि पहिली गोष्ट कळली ती ही, की ज्या सरदारांसाठी गंजिफा केली होती ते घर बंद होतं. कुटुंब गावाबाहेर बागेत तंबू ठोकून राहिलं होतं आणि त्यांनी लग्न पुढं ढकललं होतं. दाराशी बसलेला म्हातारा पहारेकरी बाबांना म्हणाला, "डबा वापस ले जाओ, काकाजी. अबी कौन खेलेगा?" बाबा डबा काखेत घेऊन परत आले. आईनं विचारलं, "त्यांनी ढकललं ना? मग आपण?" बाबा म्हणाले, "त्यांना कौल मिळाला नसेल." हे ते कुत्सितपणानं म्हणाले नाहीत. त्यांना मनापासून तसं वाटत होतं, आणि त्याचीच मला जास्त भीती वाटते.

हळदीच्या दिवशी सकाळी मी सखारामच्या घरच्या परसात तोंड धुवायला गेले. रघुनाथमामा चुलीतला चिमटा घेऊन माझ्याकडं पाठ करून उभे होते. चिमट्यात उंदीर होता. त्याची शेपटी लोंबत होती. मामांनी इकडंतिकडं पाहिलं, बोळातून रस्त्यावर गेले आणि हात मागं नेऊन तो उंदीर रस्त्यापलीकडं फेकला. थोरल्या पातीत. मग चिमटा राखेनं घासून परत चुलीपाशी ठेवला. मी धावत जाऊन आईला सांगितलं. आईनं हातातलं हळदीचं वाटण तसंच टाकलं, बाबांना बाजूला घेतलं आणि त्यांच्यापुढं पदर पसरला. मी आईला कुणापुढं पदर पसरताना त्याआधी पाहिलं नव्हतं आणि नंतरही नाही.

"पोरीला घेऊन चला. आत्ता चला. लोक काय म्हणायचं ते म्हणू देत."

"देवानं हो म्हटलंय," बाबा म्हणाले. "पहिलं पान होतं. तू पाहिलंस."

लग्न लागलं. अक्का हिरव्या शालूत कशी दिसत होती ते मला लिहिता येणार नाही, दोनदा लिहून खोडलं. निघताना ती माझ्या गळ्यात पडली आणि कानात म्हणाली, "बाबांचा हात फार कापायला लागला तर डोळे तू काढ. श्वास धरायचा, बस." मी तेव्हा नऊ-दहा वर्षांची. मी हो म्हटलं.

आम्ही धारला परतलो त्यानंतर फार दिवस गेले नाहीत. आई घोटायला बसायची पण गारगोटी मध्येच थांबायची. त्या थांबण्यानं मला जाग यायची. एका सकाळी ती अशीच थांबली आणि मी अंगणात आले, तर समोर चिंचेखाली सखाराम उभा होता. डोक्याला पागोटं नव्हतं. तो जवळ येईना. आई पुढं झाली तसा तो मागं सरला आणि हात वर करून म्हणाला, "नको आई, मला शिवू नका. मी त्याच घरातून आलोय." तो एवढा मोठा पुरुष, चिंचेच्या बुंध्याला टेकून रडला. पायी आला होता, देवासपासून. मामाही गेले होते. अक्काचे कपडे, अंथरूण, तिचा शालू, तिनं बरोबर नेलेली कुंचल्यांची पिशवी, सगळं जाळलं होतं, रोगाचा नेमच तो. आईनं त्याला लांबून भाकरी ठेवली. त्यानं ती खाल्ली की नाही मला आठवत नाही.

बाबा ओट्यावर बसून होते. पुढं किती दिवस ते एकच वाक्य म्हणत, कुणी आलं की म्हणत, कुणी नसलं तरी म्हणत. "देवाची मर्जी. त्यानंच कौल दिला, त्यानंच नेलं."

आई ते ऐकत होती. एका दुपारी ती उठली, फळीवरचा गंजिफेचा डबा तिनं खाली काढला आणि एकेक पान उलटसुलट करून बघायला लागली. मला वाटलं, अक्कानं काढलेले डोळे बघते आहे. कृष्णाचा राजा हाताला लागला तशी ती थांबली. ते पान घेऊन ओट्यावर गेली, बाबांच्या समोर बसली, त्यांचा उजवा हात आपल्या हातात घेतला आणि त्यांचा अंगठा पानाच्या तांबड्या पाठीवर टेकवला. तिथं लाखेत एक ठसा उमटलेला होता, वळ्या न् वळ्या दिसणारा, कडेला रंग खरवडलेला. अंगठा त्यात बरोबर बसला.

"पान ओलं होतं," आई म्हणाली. "देवानं दिलं नाही ते. तुमच्या बोटाला चिकटलं होतं."

ती ओरडून बोलली असती तर बरं झालं असतं. ती अगदी साधेपणानं म्हणाली, बाजारातून काय आणायचं ते सांगावं तशी. बाबांनी ठशाकडं पाहिलं. हजारो पानं ज्यांच्या बोटांखालून गेली त्यांना त्या वेळी चिकटलेलं कळलं नसेल? मी आयुष्यभर हा प्रश्न फिरवून पाहिला आहे. कधी वाटतं, कळलं होतं आणि त्यांनी स्वतःला कळू दिलं नाही. हवं ते उत्तर हाताला लागलं की माणूस हाताकडं बघत नाही. कधी वाटतं, बिचाऱ्याच्या बोटांतली जाण कापऱ्याबरोबरच गेली होती. "देवाची मर्जी" हे शब्द मात्र बाबांच्या तोंडून पुन्हा कधी आले नाहीत. संध्याकाळी ते डबा घेऊन तलावावर गेले आणि सगळी गंजिफा त्यांनी पाण्यात सोडली. त्यानंतर ते पुन्हा लगाम शिवायला लागले. अक्कानं मला सांगितलेलं काम माझ्या वाट्याला आलंच नाही.

आईनं त्या डब्यातून एक पान काढून घेतलं होतं, हे बाबांना माहीत होतं की नाही कोण जाणे. आई गेली तेव्हा ते माझ्याकडं आलं. आईबद्दल आणखी एक सांगायचं राहिलं. तिनं बाबांना पुढं कधी बोल लावला नाही. स्वतःला लावला. दिवा मी लावला, एवढंच कधीकधी म्हणायची. आणि पावसाळ्यात भरदुपारी कितीही अंधारून येवो, चुलीपुढं हात पोळो, सूर्य बुडायच्या आधी तिनं घरात दिवा लागू दिला नाही.

परवा माझा नातू माझ्या ट्रंकेत काहीतरी शोधत होता. कॉलेजात जातो, मराठी बोलतो पण वाचत नाही. त्याच्या हाताला कापडात गुंडाळलेलं ते पान लागलं. "आजी, ये क्या है? कसले भारी डोळे आहेत!" म्हणाला. मी म्हटलं, माझ्या बहिणीनं काढलेत. त्यानं पान उलटं केलं. "मागं काहीतरी दाग आहे. साफ करून देऊ का?" मी नको म्हटलं. बाबांचंही माझ्याकडं तेवढंच आहे. त्याला तो ठसा नीट बघायचा होता, पण बाहेर आभाळ भरून आलं होतं आणि खोलीत काळोख झाला होता. दुपारचे तीन वाजले असतील. तो पान घेऊन उठला आणि दिव्याच्या बटणाकडं त्याचा हात गेला.

"नको रे," मी म्हटलं. "अजून दिवस आहे."